१९३२ चा अमेरिकन बँक दरोडा चाळीस मिनिटांच्या एकांकिकेत कसा बसवायचा

आधीच सांगून टाकतो, दरोडा कसा घालायचा हे नाही सांगत, दरोडा स्टेजवर कसा बसवायचा ते सांगतोय. पावसाळा सुरू झाला की मुंबईत एकांकिकांच्या तालमी सुरू होतात आणि दरवर्षी कुठल्यातरी ग्रुपच्या डोक्यात फेडोरा हॅट, मशीनगन आणि मंदीच्या काळातली अमेरिका हे खूळ शिरतंच. आमच्याही शिरलं होतं. दादरला एका हॉलमध्ये रात्री आठ ते साडेदहा, मग बदलापूर लोकल पकडायची म्हणून अर्धी टीम पावणेअकराला गायब, अशा तालमी करून आम्ही ही एकांकिका उभी केली, पहिला ड्राफ्ट अख्खा फेकला, दुसरा अर्धा फेकला. तुमचे दोन महिने वाचावेत म्हणून लिहितोय.

सगळ्यात आधी डिलिंजर, म्हणजे त्या काळचा गाजलेला अमेरिकन बँक दरोडेखोर, तो फेका. मला माहितेय मोह होतो, माणूसच तसा होता, मे १९३३ ला तुरुंगातून सुटला आणि जुलै १९३४ ला शिकागोत सिनेमा बघून बाहेर पडताना गोळ्या खाऊन मेला, म्हणजे सगळी कारकीर्द चौदा महिन्यांची, त्यात मधे क्राउन पॉइंटच्या जेलमधून लाकडी पिस्तूल दाखवून पळाला असं सांगतात आणि पळाला तो तिथल्या शेरीफची, म्हणजे पोलीसप्रमुखाचीच गाडी घेऊन. आता असा माणूस स्टेजवर आणला की बाकीचे सगळे फर्निचर होतात. आमच्या पहिल्या ड्राफ्टमध्ये डिलिंजर करणारा पोरगा एंट्रीला टाळ्या घ्यायचा आणि पुढची पस्तीस मिनिटं कोणाला काही पडलेली नसायची. बॉनी आणि क्लाइड या दरोडेखोर जोडीचंही तेच, आणि खरं बघायला गेलं तर त्या दोघांनी बँकांपेक्षा किराणा दुकानं आणि पेट्रोल पंपच जास्त लुटले, पण प्रेक्षकाला ते ऐकायचं नसतं.

मग एकांकिका कोणाची? माझ्या मते ज्याचे पैसे त्या बँकेत आहेत त्याची. हे मला पुस्तकातून नाही कळलं, आत्यामुळे कळलं. तिचे पैसे एका सहकारी बँकेत अडकले होते, नाव घेत नाही, आणि ती रोज सकाळी डबा घेऊन बँकेच्या बंद शटरसमोर जाऊन बसायची, काहीच होणार नाही हे माहिती असूनसुद्धा. तालमीत मी हे सहज बोललो आणि आमची लेखिका म्हणाली की अरे मग दरोडा कशाला हवाय, दरोडा तर आधीच पडलाय की. तिथून नाटक फिरलं.

आता तारीख ठरवा. तुम्हाला वाटेल तारखेने काय होतंय, ब्रोशरमध्ये '१९३० चं दशक' लिहिलं की झालं. नाही होत. त्या दोन-तीन वर्षांत महिन्या-महिन्याला जमीन हललीय. १९३० ते १९३३ मध्ये तिथे साधारण ९,००० बँका बंद पडल्या, आणि त्यातल्या बऱ्याचशा एका गावापुरत्या, एका खोलीच्या, ज्यांनी आजूबाजूच्या शेतकऱ्यांना कर्जं दिली होती आणि शेतमालाचा भाव पडला तशी ती कर्जं बुडाली. ४ मार्च १९३३ ला नवा राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टने शपथ घेतली आणि ६ तारखेपासून देशातल्या सगळ्या बँकांना सक्तीची सुट्टी, १२ तारखेला तो रेडिओवर साध्या भाषेत लोकांशी बोलला आणि १३ पासून धडधाकट बँका उघडायला लागल्या. ठेवींचा सरकारी विमा आला १ जानेवारी १९३४ ला, माणशी २,५०० डॉलरपर्यंत. आणि बँक दरोडा हा केंद्राच्या कायद्याखालचा गुन्हा झाला मे १९३४ मध्ये, त्याआधी तो राज्याचा मामला होता, राज्याची हद्द ओलांडली की मागे लागलेले पोलीस तिथेच थांबायचे. म्हणजे आपल्याकडे कसं पूर्वीच्या गोष्टींमध्ये गुन्हा करून संस्थानात पळून जायचे, तसं.

तर तुमचा दरोडा १९३५ मध्ये टाकलात की गावकऱ्याला टेन्शनच नाही, विमा आहे. १९३२ च्या शेवटाला टाकलात तर तोच सीन पूर्ण वेगळा, कारण बँक बुडाली की गेलं. आम्ही नोव्हेंबर १९३२ घेतला. आणि हे मुंबईतल्या प्रेक्षकाला फोड करून सांगावं लागत नाही, आपल्याकडे ठेव विमा आला १९६२ ला, तेव्हा दीड हजार रुपयांचा होता, पाच लाख झाला २०२० मध्ये, आणि मधल्या काळात काय काय झालंय ते बाल्कनीत बसलेल्या प्रत्येक काकांना तोंडपाठ आहे.

यात एक गंमत आहे आणि आमचं सगळं नाटक त्या एका खिळ्यावर टांगलंय. त्या काळात बऱ्याच बँका दरोड्याचा विमा काढायच्या. पण बँक स्वतःच बुडाली तर त्याचा विमा नव्हता. म्हणजे बंदूक दाखवून नेले तर भरून मिळायची आशा, आणि बँकेनेच घालवले तर काही नाही. आता विचार करा, एका गावातला कॅशिअर आहे, तिजोरीत हिशोबापेक्षा कमी रोकड आहे हे फक्त त्याला माहितेय, दोन-तीन महिन्यांत दिवाळं वाजणार हेही माहितेय, आणि अशात दुपारी तीन जण बंदुका घेऊन आत येतात. दरोडेखोर नऊशे डॉलर घेऊन जातात. तो वहीत किती लिहील?

हा प्रश्न सापडेपर्यंत तालीम सुरू करू नका, खरंच सांगतो. तुमचा प्रश्न दुसरा असेल, पण तो पैशाचा असू दे, पाठलागाचा नको.

आणि 'कॅशिअर' शब्दाने फसू नका. तिथल्या लहान बँकेत कॅशिअर म्हणजे काउंटरवर नोटा मोजणारा नाही, तो जवळजवळ मॅनेजर, कर्ज देणं न देणं त्याच्या हातात, गावात त्याला मान. नोटा देणारा तो टेलर. आमच्या नटाने पहिले आठ दिवस कॅशिअर म्हणून बिचारा, वाकलेला, चष्मा पुसणारा माणूस केला, मग कळल्यावर सगळी बॉडी लँग्वेज बदलावी लागली. सोसायटीचा सेक्रेटरी आठव म्हटलं, लगेच जमलं.

खरा एखादा दरोडा अभ्यासाला घ्यायचा असेल तर ओक्लाहोमा राज्यातल्या बोली नावाच्या गावातला घ्या. बोली हे कृष्णवर्णीयांनीच वसवलेलं गाव, दुकानं त्यांची, बँक त्यांची, फार्मर्स अँड मर्चंट्स बँक. २३ नोव्हेंबर १९३२, थँक्सगिव्हिंग या तिथल्या मोठ्या सणाच्या आदला दिवस. प्रिटी बॉय फ्लॉइड या नावाजलेल्या दरोडेखोराचा जोडीदार जॉर्ज बर्डवेल अजून दोघांना घेऊन आला. बँकेचा प्रेसिडेंट डी. जे. टर्नर, त्याने ड्रॉवरमधल्या नोटा दिल्या, अगदी शेवटच्या नोटा ओढल्या तशी अलार्म वाजली, कारण त्या ड्रॉवरला तशी कळ बसवलेली होती. बर्डवेलने टर्नरला गोळी घातली. आणि आत व्हॉल्टमध्ये, म्हणजे तिजोरीच्या खोलीत असलेल्या मॅककॉर्मिक नावाच्या हिशोबनीसाने रायफलने बर्डवेलला. बाहेर रस्त्यावर गाव बंदुका घेऊन उभं. तिघांपैकी दोघं तिथेच मेले, तिसरा जखमी होऊन पकडला गेला. टर्नरही गेला.

वाचून अंगावर काटा येतो आणि लगेच वाटतं हेच करूया. आम्ही नाही केलं आणि तुम्हीही दहा वेळा विचार करा, कारण मग प्रश्न येतो की कृष्णवर्णीय पात्रं कोण करणार आणि कोणीतरी हमखास म्हणतं की मेकअप करू. मेकअप करू नका. काजळी फासून स्टेजवर येणं हा त्या गावाचा अपमान आहे, आणि आपल्याकडे रंगावरून काय काय बोललं जातं हे बघता आपण तर करूच नये. सूत्रधार ठेवून, कोणालाही न रंगवता, नुसतं सांगत सांगत करता येईल, तशी ताकद असेल तर करा. आम्ही बोलीतली ती ड्रॉवरची कळ तेवढी उचलली, गाव काल्पनिक ठेवलं.

गाव काल्पनिक असलं तरी पीक खरं ठेवा. आम्ही ओक्लाहोमा घेतलं म्हणजे कापूस. १९२९ मध्ये तिथे कापसाला पौंडाला १६-१७ सेंट मिळायचे, १९३१-३२ ला सहाच्या आसपास. हे वाचल्यावर आमच्यातला यवतमाळचा पोरगा, डोंबिवलीत राहतो, आयटीत आहे, तो म्हणाला की हे तर आमच्याकडचंच चाललंय. तोच कर्ज मागायला आलेल्या शेतकऱ्याचा रोल करत होता. तोपर्यंत तो बिचारा डब केलेल्या पिक्चरसारखं बोलत होता, 'ओह मिस्टर, कृपा करून मला अजून थोडा वेळ द्या' असलं. मस्करीत त्याने तेच वाक्य वऱ्हाडीत टाकलं, "कापूस इकूनबी कर्ज फिटून नाई राह्यलं साहेब, आता माह्यं काय इकू सांगा". ठेवलं. पुढे सगळ्यांचीच भाषा बदलली, टेलिफोनवाली बाई मालवणीत, कॅशिअर शुद्ध पुणेरी. परीक्षकांपैकी एकांना खटकलं, दुसऱ्यांना तेच आवडलं, चालायचंच. पण अमेरिकन माणूस मराठीत बोलतोय हे एकदा मान्य केलं ना की मग तो कुठल्या मराठीत बोलतो हे तुम्हालाच ठरवायचंय, अनुवादाची मराठी ही कोणाचीच भाषा नाही.

टेलिफोनवाली बाई मात्र हवीच हवी. त्या काळात लहान गावात एक एक्सचेंज, बहुतेक वेळा एखाद्या दुकानाच्या वर, तिथे एक बाई बसलेली, आणि एका लाइनवर पाच-सात घरं, कोणीही रिसीव्हर उचलून दुसऱ्याचं बोलणं ऐकू शकायचं, चाळीतल्या कॉमन गॅलरीसारखं. खिडकीतून तिला बँकेचं दार दिसतं. संकट आलं की ती सगळ्यांची घंटा एकदम वाजवू शकते. आम्ही तिला डाव्या विंगेजवळ सहा फुटांच्या लेव्हलवर, म्हणजे चौथऱ्यावर बसवलं आणि पूर्ण दरोडा तिच्या तोंडून फोनवर सांगितला जातो, बँकेत काय चाललंय ते आपल्याला मुकं दिसतं. चार मिनिटं. एकही गोळी नाही. सगळ्यात जास्त चालला तो हाच सीन.

दरोड्याचं टायमिंग बसवायला एक माणूस कामाला येतो, हर्मन लॅम. जर्मन सैन्यातून आलेला, आणि हा गडी दरोड्याच्या चक्क तालमी घ्यायचा! बँकेचा नकाशा काढायचा, प्रत्येकाला एकच काम, घड्याळ लावायचं, आणि ठरलेली वेळ संपली की पैसे राहिले तरी चालतील पण बाहेर. दिग्दर्शकांनो, हा आपलाच माणूस आहे, स्पर्धेत वेळेच्या वर एक मिनिट गेलं की बाद होतो ना आपण. त्याचा शेवटही बघा, डिसेंबर १९३० ला इंडियानातल्या क्लिंटन गावात एवढं सगळं प्लॅनिंग केलं, बाहेर पडले तर एक न्हावी बंदूक घेऊन येताना दिसला, ड्रायव्हरने घाबरून गाडी गर्रकन वळवली, फुटपाथला आपटली, टायर फुटला. मग दुसरी गाडी चोरली तर तिला वेग मर्यादेत ठेवणारं यंत्र बसवलेलं, म्हाताऱ्या बापाने जोरात चालवू नये म्हणून मुलाने बसवलं होतं म्हणे. लॅम त्याच दिवशी मेला. आमच्यातल्या न्हाव्याचं पात्र तिथूनच आलं, त्याला एकच वाक्य आहे आणि हशा त्यालाच.

गावकरी बंदुका घेऊन का धावायचे याचं कारण शौर्य एवढंच नव्हतं. बँकवाल्यांच्या संघटना बक्षिसं लावायच्या. टेक्सासमध्ये तर १९२० च्या दशकाच्या शेवटी जाहीरच केलं होतं की मेलेल्या दरोडेखोराचे ५,००० डॉलर आणि जिवंत पकडलेल्याचा एक सेंटही नाही, त्यातून मग भलत्याच पोरांना फूस लावून बँकेपाशी आणून मारण्याचे प्रकार झाले, शेवटी टेक्सास रेंजर, म्हणजे राज्याच्या पोलिसातला, फ्रँक हेमरने ते उघडं केलं. पाच हजार डॉलर आणि कापूस सहा सेंट, गणित करा. हा एक ट्रॅक आम्ही वेळेअभावी कापला, मला अजून वाईट वाटतं, कोणीतरी करा.

आता सेट. पूर्ण बँक उभारायच्या भानगडीत पडू नका, टेम्पोचं भाडं आणि विंगेत जागा दोन्ही परवडत नाही. काउंटर, काउंटरवर जाळी, बस. जाळी आम्ही पीव्हीसी पाइपची केली आणि पितळी स्प्रे मारला, तिसऱ्या रांगेतून कळत नाही, पहिल्या रांगेतून कळतं पण तिथे परीक्षक अंधारात लिहीत असतात. व्हॉल्ट दाखवू नका, विंगेतून एक पिवळी पट्टी प्रकाशाची आणि जड दाराचा आवाज. जाळी कशी असायची ते बघायला फोर्टात हिंडा, जुन्या इमारतींमधली लाकडी काउंटरं, पितळी मुठी डोळ्यात भरून घ्या, फोटो काढायला वॉचमन देत नाही पण बघायला कोण अडवतंय. रिझर्व्ह बँकेचं मॉनेटरी म्युझियम फोर्टातच आहे, तेही करून या. कळ असलेला भिंतीवरचा फोन, टाइपरायटर यासाठी चोर बाजार, पण विकत नका घेऊ, भाड्याने मागा, आणि शुक्रवारी सकाळी लवकर जायची तयारी ठेवा.

नोटा. १९२९ पासून अमेरिकन नोटा लहान झाल्या, आत्ताच्या मापाच्या, त्यामुळे जुन्या पिक्चरसारख्या पंचाएवढ्या नोटा नकोत. आणि एक भारी गोष्ट, १९३५ पर्यंत तिथल्या कित्येक बँका स्वतःच्या नावाच्या नोटा काढायच्या, नोटेवर गावाचं नाव छापलेलं. म्हणजे दरोडेखोर गावाचं नावच खिशात घालून नेतोय. आम्ही ते वाक्य न बोलता नुसतं शेतकऱ्याला नोट उजेडात धरून गावाचं नाव वाचायला लावलं. नोटा छापताना खऱ्या डॉलरची झेरॉक्स मारू नका, नको ती झंझट होते, स्वतः डिझाइन करा, एकाच बाजूने छापा, आणि वरच्या-खालच्या दोन सोडून मधे कोरा कागद.

गाडी स्टेजवर आणायची नाही हे उघड आहे, पण गाडी हवी, कारण १९३२ ला फोर्डची व्ही-८, म्हणजे आठ सिलिंडरची दमदार गाडी आली आणि गावच्या शेरीफच्या जुन्या डबड्याला ती सापडेना, अर्धा खेळ तिथेच होता. पळताना बँकेतल्याच लोकांना गाडीच्या पायरीवर बाहेरून उभं करायचे, म्हणजे मागून कोणी गोळी घालणार नाही. हे स्टेजवर फार सुंदर होतं. एक फळी, खाली चाकं, तिच्यावर चार माणसं एकमेकांना धरून डोलतायत, समोर दोन दिवे. आवाजासाठी आमच्या साउंडवाल्याने कौतुकाने जुन्या पद्मिनी टॅक्सीचा स्टार्टर रेकॉर्ड करून आणला, लावल्याबरोबर अख्खा हॉल हसला, कारण तो आवाज मुंबईत कोण ओळखणार नाही, आपसूक 'भाऊ, परळ?' असंच येतं तोंडात. व्ही-८ चा आवाज वेगळा, जाडसर, सलग. शोधा, मिळतो.

कपड्यांवर फार खर्च नको. त्या काळी पुरुष टोपीशिवाय बाहेर पडायचे नाहीत एवढं लक्षात ठेवा, शेतकऱ्याला डंगरी आणि साधी कॅप, कॅशिअरला वेस्टकोट. कोट घातलेले दरोडेखोर पंखे बंद असलेल्या हॉलमध्ये वितळतात, रुमाल द्या.

बंदुका लाकडी करा आणि कापडात गुंडाळून, वर ग्रुपचं पत्र ठेवून न्या. माझी चूक सांगतो, मी टॉमी गन क्रिकेटच्या किटमधून लोकलने नेली, नळी बाहेर डोकावत होती, स्टेशनवर दोन पोलिसांनी बाजूला घेतलं आणि मला प्लॅटफॉर्मवर उभ्या उभ्या एकांकिकेची गोष्ट सांगायला लावली. ऐकून त्यातले एक म्हणाले, मग कॅशिअर पकडला जातो की नाही? तालमीतसुद्धा हाच प्रश्न निकाली निघाला नव्हता. संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडेही वेळेत पाठवा, आदल्या आठवड्याला धावपळ करू नका, प्रमाणपत्राशिवाय प्रयोग नाही.

शेवटाबद्दल. दरोडेखोर गेल्यावर ब्लॅकआउट घ्यायचा नाही, तिथून खरं तर दहा मिनिटं हवीत. धूळ बसू द्या. फोनची घंटा वाजत राहते, कोणी उचलत नाही. कॅशिअर वही उघडतो. शेतकरी अजून तिथेच आहे, त्याने किती गेले ते मोजलंय, कारण त्याच्यासमोरच मोजले. दोघं एकमेकांकडे बघतात. कॅशिअर आकडा लिहितो, आपल्याला दिसत नाही, आणि वही शेतकऱ्याकडे वळवून साक्षीदाराची सही मागतो. शेतकऱ्याचंही खातं त्याच बँकेत आहे. पेन हातात घेतल्यावर दिवा कमी करत जा, सही होते का नाही ते दाखवू नका. पहिल्या फेरीत आम्ही सही दाखवली होती, दुसऱ्या फेरीत नाही दाखवली, आणि फरक मेकअप रूममध्येच कळला, लोक आत येऊन भांडत होते.

प्रयोग झाला की प्रॉपर्टीवाल्याने, म्हणजे स्टेजवरचं सामान सांभाळणाऱ्याने, नोटांची बंडलं मोजून घ्यायची, कारण पुढच्या प्रयोगाला परत छापणं महागात पडतं. अंतिम फेरीच्या दिवशी आमची तीन कमी भरली. कोणी नेली ते आजपर्यंत कळलेलं नाही, पण कॅशिअर करणाऱ्याकडे अजूनही सगळे जरा तिरकेच बघतात.